नुवा नदी खाली उतरवण्याआधी

प्रिय केलान,

हे पत्र सुक्या मासळीच्या बोचक्यात लपेटून पाठवते आहे, म्हणजे वासावरूनच घर ओळखशील. मासळी आईची, पत्र माझं. आधी मासळी खाऊन घे. पत्र वाचल्यावर भूक राहील की नाही, सांगता येत नाही.

तू नुवा नदी आभाळात चढवलीस, त्याला या पेरणीला नऊ वर्षं झाली. ती अजून तिथेच आहे, नारळांच्या शेंड्यांवर, या डोंगरापासून त्या डोंगरापर्यंत ओल्या चादरीसारखी ताणलेली. माणूस कशालाही सरावतो, आणि आपलं गाव तर सरावण्यात पटाईत. आम्ही आता जाळी डोक्यावर धरून मासे पकडतो. बदकांची फक्त पोटं दिसतात. वरून अंडं पडलं की ज्याच्या डोक्यावर फुटेल ते त्याचं, असा पंचांनी नियम केला आहे. त्यासाठी चार बैठका झाल्या. पुरापासून वाचायला घरं खांबांवर बांधली होती. पूर संपला, शिड्या चढून गुडघे मात्र संपत आले. नऊ वर्षांच्या आतल्या पोरांना "नदीवर जाऊन या" म्हटलं, की ती झाडावर चढतात. आणि सिपा मामीची म्हैस आठवते ना, पाण्याबरोबर वर गेलेली? तिला तिसऱ्या दिवशी चिंचेवरून उतरवली. तेव्हापासून ती कुणाला जुमानत नाही. घराण्याचा गुण!

आई बरी आहे. कमी ऐकू येतं, पण आपल्याला हवं ते बरोब्बर ऐकू येतं. गावबंदी झालेल्याची शिडी घरावरून काढायची रीत; तुझी काढायला पंच आले, तेव्हा ती मधल्या पायरीवर बसली आणि म्हणाली, "काढा की. मला धरून काढा." आले तसे गेले बिचारे. दर महिन्याला ती तुझ्या शिडीला तेल लावते. परवा मी घाईत त्या शिडीवर पाय ठेवला तर म्हणते, "तुझी तिकडे. ही पोराची आहे." पन्नाशीला टेकलेल्या बाईला असं बोलतात का?

आता खरी बातमी. नदीला झोळ पडू लागला आहे. देवळावर तर इतकी खाली आली आहे की कळस भिजतो. तिच्या सावलीत भात पांढराफटक झाला, तोवर कुणी फारसं बोललं नाही. आता डोक्यावर आल्यावर बोलू लागले. पंचांतल्या थोरल्या तालेनांनी बांबू लावून मोजलं आणि सांगितलं, "पुढच्या पेरणीआधी एकदम कोसळेल. ज्याने चढवली त्यानेच हाका घालून बोट बोट उतरवली, तर गाव वाचेल." मग पंचायत बसली. तुला बोलवायचं ठरलं. पण तू वेशीपासून गुडघ्यांवर रांगत यायचं आणि सगळ्यांदेखत चूक कबूल करायची. सगळ्यांनी माना डोलावल्या. मी उठून उभी राहिले.

तो दिवस तुझ्याइतका मलाही पाठ आहे. पेरणीची सकाळ, शेतात वीतभर पाणी शिरेल एवढीच नदी चढवायची. तू नेहमीसारखा तिच्याकडे पाठ करून हाका घालत होतास; नदी नजर भिडवणाऱ्याचं ऐकत नाही, हे काय तुला सांगायचं! मी खुणेच्या खांबापाशी. पाणी तांबड्या पट्ट्याला लागलं की मी "पुरे!" म्हणायचं, आणि तू थांबायचं. माझं काम एवढंच. एक शब्द.

नदी वर गेली, बांध फुटले, दोन डझन घरं मोडली, तीन कुटुंबं कायमची देशोधडीला लागली. आणि भर पंचायतीत तू म्हणालास, "ताईने पुरे म्हटलं होतं. मीच थांबलो नाही." तुला गावाबाहेर काढलं. मी खाली बघत उभी होते. आयुष्यात मी दोनदाच गप्प राहिले, रे, आणि दोन्ही वेळा नको तिथे.

कारण मी "पुरे" म्हटलंच नव्हतं. पाणी पट्ट्याच्या चार बोटं खाली असताना सिपा मामी मागून म्हणाली, "भाऊ नदी हलवतो आणि तू खांब राखतेस! खांबाला बांधलेली बकरीही एवढं करते." मी वळून म्हटलं, "बकरी निदान दूध तरी देते मामी, तुमच्या जावयाने काय दिलं?" लोक खो खो हसले. गावात अजून ते वाक्य सांगतात. मीही हसू थांबेपर्यंत मामीकडेच बघत राहिले. वळले तेव्हा खांबच दिसत नव्हता.

हे सगळं परवा पंचायतीत सांगितलं. कुणी हसलं नाही. मामी तेवढी हळूच म्हणाली, "मला माहीत होतं गं. पण आधी जीभ माझी सुटली होती." तुझी बंदी उठली आहे. तू चालत ये, ताठ मानेने, रांगायचं ते मी रांगेन. माझी शिक्षा मात्र पंचांनी ठेवून दिली आहे, नदी उतरेपर्यंत.

खांबापाशी कोण उभं राहणार, हे हाक घालणाऱ्यानेच सांगायचं असतं. तालेन म्हणाले, "त्यालाच विचार." म्हणून हे पत्र. तू दुसऱ्या कुणाचं नाव कळवलंस तर मला राग येणार नाही. खोटं कशाला बोलू, येईल. पण मी तो गिळीन. आणि माझं कळवलंस, तर बिनघोर पाठ फिरव. पहाटेपासून तोंडात तो एकच शब्द धरून उभी राहीन. मग मामी काही का बोलेना.

तुझीच थोरली,
इमारू

ता. क. शिडीला कालच तेल लावलं आहे. घसरते. सांभाळून चढ.