उपाशी पावणं

१८ फेब्रुवारी १९७९

आणली एकदाची! पितळेची पेटी, जाळीच्या झाकणाची. उद्यमनगरात फक्रुद्दीन मिस्त्री लेथवर अशा पेट्या करतो, आत जिती कल्पना पाळायला. जाळीला तोंड लावून आपण मनातलं सांगायचं, की ते आत जीव धरतं. मग माणसांच्या डोक्यात शिरतं, आणि तिथनं बाहेर येऊन खरं होतं. अर्ध्या कोल्हापुरात हायत असल्या पेट्या.

मी एकच शब्द सांगितला — साकव. ओढ्यावरचा लाकडी पूल.

राधानगरीच्या वरच्या अंगाला, ओढ्याच्या पल्याड माझी लेक शांतव्वा दिलीय. मागल्या पावसाळ्यात कळा सुरू झाल्या आणि ओढ्याला पूर. गाडी अलीकडं उभी, पोरगी पलीकडं. मूल गेलं. ती कशीबशी वाचली. आता परत दिवस गेलेत, पावसाळ्यातच बाळंतपण! आधीच माहेरी ये म्हटलं, तर सासू अंथरुणाला. वर म्हणते, "अव्वा, हितल्या बाकीच्या सुनांनी कुणाच्या माहेरी जायचं?"

मिस्त्रीनं बजावलंय — "अक्का, आठवड्याला एक चमचा दूध. जास्त न्हाय. ह्याला उपाशी ठिवायचं."

हं! दारात आलेलं पावणं उपाशी ठेवायचं? मग मी खानावळ कशाला काढलीय?

२५ फेब्रुवारी

पितं की दूध! रोज वाटीभर देते. वाटी चाटूनपुसून लख्ख.

१४ मार्च

काल शिमग्याची पोळी दिली, वर तुपाची धार. सगळी फस्त! पेटी जड झालीय. आणि खानावळीत साकवाशिवाय दुसरं बोलणं नाही. हंबीरराव — त्याची लाकडाची वखार हाय, रोज दुपारी जेवायला असतो — ताटाशेजारी हात आपटून बोलला, "साकव झालाच पायजे की!" मी खूश. शेंगाची चटणी जास्तीची वाढली त्याला.

१३ एप्रिल

जोतिबाच्या यात्रेहून आलेली माणसं जेवून गेली. ती परगावची, तरी साकवावरच बोलत होती! तेवढ्यात माझा जावई गुरुसिद्ध आला. म्हणाला, "अत्ती, ओढ्यावर अजून एक दगडबी पडला न्हाय."

पेटी उचलली, तडक उद्यमनगर. फक्रुद्दीननं जाळीतनं बघितलं नि कपाळावर हात मारला.

"काय केलंसा अक्का! पार सुस्त झालंय की हे. पोट भरलेली कल्पना नुसती बोलती. भुकेली असली तरच हातपाय हलवती."

"मग आता?"

"आता एक थेंब न्हाय."

मेल्याला काय जातंय सांगायला!

१६ एप्रिल

रडतंय. मांजराच्या पिल्लागत. जाळीला बोट लावलं तर चोखायला लागलं. पदर तोंडात कोंबून बसले, पण दिलं नाही. पावणं उपाशी असताना घरच्या बाईनं जेवायचं नसतं — आमच्या अव्वाची शिकवण. ताट बाजूला सारलं.

१७ एप्रिल

गप्प झालंय.

२२ एप्रिल

नवलच! ताकावर दिवस काढतेय, घास उतरत नाही. पण थकवा म्हणून नाही. उलट पाय एका जागी ठरंनात.

आणि खानावळीत नुसता दंगा! "अक्का, पोट भरंना!" ज्याला वाढावं तो भुकेलाच. हंबीररावानं तर भाकरीवर भाकरी खाल्ली, आमटीचं पातेलं संपवलं, मला शिव्या दिल्या. शेवटी ओरडला, "वखारीतला साग न्ह्या तुमच्या साकवाला, पर ही पोटातली आग थांबवा!"

बोलला मात्र, आणि ढेकर दिला. असला ढेकर की रस्त्यावरची माणसं थांबली! हसून हसून पुरेवाट झाली माझी.

६ मे

आता सगळ्यांना ठाऊक झालंय. इथं जेवायचं तर साकवाला कायतरी हात लावायचा, तरच ढेकर येतो. फक्रुद्दीन जेवायला आला, नट-बोल्ट करून देतो म्हणाला तेव्हा सुटला!

एसटीनं ओढ्यावर गेले. गावकऱ्यांना मीच वाढलं. हात धुतले न धुतले तोच सगळे पाण्यात उतरले. आणि फळ्या! जी आखूड वाटावी ती लावायला घेतली की बरोबर बसते. सुतार घाबरून पळाला. थोड्या वेळानं आला परत, भूक लागली म्हणून.

१० जून

साकव उभा राहिला! तिकडनं शांतव्वा पोट सांभाळत आली, इकडनं मी गेले. मधोमध गाठ पडली. दोघी रडलो. आणि मला एकदम सडकून भूक लागली! तिच्या हातची भाकरी पोटभर खाल्ली.

२९ जुलै

मुलगी! पूर खालनं गेला, शांतव्वा वरनं. अलीकडं गाडी, गाडीतनं दवाखाना. दोघी सुखरूप. साखर वाटली गल्लीभर.

५ ऑगस्ट

पेटी परत द्यायला गेले. फक्रुद्दीननं झाकण काढलं. आत काहीच नाही! जाळीची एक तार आतनं बाहेर वाकलेली.

"हे कवाच गेलंय, अक्का. तुम्ही ताट सारलंसा, त्याच दिवशी."

"गेलं कुठं?"

पेटीवरचं बोट त्यानं माझ्याकडं वळवलं. "हंबीररावाला कोण वाढत हुतं?"

घाबरले. खोटं कशाला लिहू, थोडी ऐटही वाटली.

९ ऑगस्ट

दवाखान्यातनं शांतव्वा चार दिवस माझ्याकडंच आलीय. आज आम्ही दोघी जेवत होतो. बाळाला मांडीवर थोपटत शांतव्वा सहज म्हणाली, "अव्वा, ओढ्याच्या पल्याडच एखादा दवाखाना असता तर!"

माझा घास हातातच राहिला.