भगवानने दाबलेला खोकला

गुरुवार, संध्याकाळ

देवापुढे दिवा लावला, पण जप पुढे सरकेना.

आज चक्कीवर भगवान माझ्यासमोर खोकला दाबून उभा राहिला. तोंड घट्ट मिटलेलं, डोळ्यांत पाणी. चिंचपाड्याच्या डॉक्टरांनी त्याला मिरचीच्या धुळीत जायला कधीच बंदी केली होती. मला ते आज त्याच्या बायकोकडून कळलं.

आम्ही दोघं एकाच संघातून पगारी कबड्डी खेळलो. मी कप्तान. खेळ सुटल्यावर मी नंदुरबारला मिरचीची चक्की टाकली, आता तीन आहेत. त्याचा गुडघा गेला तेव्हा मीच त्याला बोलावलं. दळणाला मजुरी जास्त, म्हणून मुद्दाम दळणावर ठेवलं. भलं करतोय असं वाटलं होतं.

"काबर सांगं नई रे माले?" मी विचारलं.

"सांगतू ते तू माले बाहेर बसाडी देता," तो हसला. "तूच शिकाडेल शे ना, दुखनं कप्तानले दिसू देवानं नई."

खरंच, मीच शिकवलं. त्याची बरगडी मोडलेली असताना पट्टा आवळून त्याला अंतिम सामन्यात उतरवलं. तेव्हाही त्याने असाच खोकला दाबला होता. त्या विजयाचा फोटो मी व्यापाऱ्यांना कौतुकाने दाखवतो.

उद्यापासून घरी बस, पगार चालू राहील, असं म्हणालो. त्याने आयुष्यात पहिल्यांदा मला शेठ म्हटलं. "शेठ, फुकटना पगार नको माले."

तोंडाला रुमाल बांधून तो पुन्हा आत गेला. हात धरून थांबवता आलं असतं. पण सुरतेची गाडी भरायची होती. मी थांबवलं नाही.