चौगुल्यांचं नाव लाऊडस्पीकरवर

देरा, दुबई
९ मार्च २००९

ती. अक्कास,
सा. न. वि. वि.

कोल्हापुरात बसून तुला दुबईची मंदी इतकी कळते, की इथल्या बँकांनी तुलाच बोलावून घ्यायला हवं. होय, नोकरी गेली. एचआरवाल्या हबीबीने आधी चहा पाजला, मग खलास. सिलिकॉन ओएसिसचा फ्लॅट सोडला, मुग्धाला माहेरी पाठवलं, आणि पन्नाशीला टेकलेला मी देऱ्यात तिघांबरोबर एका खोलीत 'बॅचलर' झालोय.

आता तुझ्या लाडक्या भाच्याचे प्रताप ऐक. सुयशची अमेरिकेतली फी थकली, तर चिरंजीव फोनवर म्हणतात, बाबा, डोन्ट वरी, कॉलेजची फुटबॉल टीम फी भरतेय. हा फुटबॉल पायाने खेळत नाहीत. त्यातही आपला दिवटा लाइनमन. बॉलला हात लावायचा नाही, गोल करायचा नाही. समोरच्या रेड्याला छातीने अडवायचं आणि मागे उभा असलेला, बॉल फेकणारा हिरो पडू द्यायचा नाही, बस्स! यासाठी इंजिनिअर व्हायला पाठवला होता? मी सांगून टाकलं, लाऊडस्पीकरवर चौगुल्यांचं नाव पुकारलेलं ऐकेन, त्या दिवशी तुझा फोन उचलीन. तोवर नाही.

भावजींना नमस्कार. मंदी इथे आहे, तुझ्या लोभात नसावी.
तुझा राजन

कोल्हापूर
२ एप्रिल २००९

चि. राजन यास,
अनेक आशीर्वाद.

वा! भीष्मानंतर प्रतिज्ञा करावी तर तूच. फोनवर बोलले असते, पण तिथे तू नेटवर्क नाही म्हणून पळतोस. पत्रातून पळून दाखव.

पोराने फी भरली याचा तुला राग नाही रे. तुला भरता आली नाही, याचा आहे. तो त्याच्यावर कशाला काढतोस? इकडे ह्यांनी तालमीत सांगून टाकलंय की भाचा अमेरिकेत पैलवान झाला. वस्तादांनी विचारलं, किती कुस्त्या मारल्या? हे म्हणाले, तो पाडत नाही, पडू देत नाही. वस्ताद म्हणाले, मग अवघड काम आहे.

वस्तादांना जे कळलं ते तुला कळेल त्या दिवशी देवापुढे नारळ फोडीन. जेवणाची आबाळ करू नकोस.
तुझी अक्का

हमरिया फ्री झोन, शारजा
१८ नोव्हेंबर २०१४

ती. अक्कास,
सा. न. वि. वि.

स्टीलच्या कारखान्यातली नोकरी बरी चाललीय. डिस्पॅच मॅनेजर म्हणतात, म्हणजे दिवसभर यार्डच्या माईकवरून ट्रेलरवाल्यांना पुकारायचं. यल्ला, अमका गेट दोन, तमका गेट तीन.

एक सांगतो, हसायचं नाही. सुयश प्रोफेशनल टीममध्ये गेल्यापासून मी त्याच्या मॅचेस बघतोय. आमच्या अमेरिकन इन्स्पेक्टर साहेबांकडे डिश आहे. हा तिसरा सीझन, कान टवकारून बसतो, पण नाव म्हणून येत नाही. काल वैतागून साहेबांना विचारलं, तर ते पोट धरून हसले. म्हणाले, लाइनमनचं नाव पुकारतात ते फक्त त्याने फाऊल केला की. हा पोरगा एकही फाऊल करत नाही, तर नाव येईल कुठून?

म्हणजे बघ माझी अक्कल. पोरगं सोन्यासारखं खेळतंय, म्हणून बाप त्याच्याशी अबोला धरून बसलाय. मुग्धा सांगते, त्याचा गुडघा गेलाय, हा शेवटचा सीझन. मला त्याचा आवाज ऐकायचाय गं. पण आता कुठल्या तोंडाने फोन करू?

शिव्या घालायच्या तर घाल, पण पत्र पाठव.
तुझा राजन

अमेरिका
९ डिसेंबर २०१४

ती. आत्यास,
सा. न. वि. वि. (वि. वि. म्हणजे काय, हे मला अजून कोणी एक्सप्लेन केलेलं नाही.)

तू लिहिलंस की बाबांसाठी एक फाऊल करून टाक. सॉरी आत्या, नाही जमणार. माझ्या बाजूने कोणी आत घुसत नाही, ही माझी एकच कमाई आहे. ती रेफरीला कशी देऊ?

आणि बाबांचं नाव तरी कोणी कधी पुकारलं? सगळी वर्षं ते पुढे उभे राहिले, आई आणि मी मागे आरामात. पडले तेव्हाच लोकांना कळलं. मला ही पोझिशन कोचने शिकवली असं वाटतं का तुला? हे त्यांना सांगू नकोस. रागावतील.

गुडघा ओके. लाडू कस्टम्सवाल्यांनी खाल्ले. लव्ह तसाच ठेव.
तुझा सुयश

हमरिया
४ जानेवारी २०१५

ती. अक्कास,
सा. न. वि. वि.

सांगू नकोस म्हणाला, म्हणून तू सुयशचं पत्रच माझ्या पाकिटात घातलंस. वर स्वतःची एक ओळही नाही! इतकं गप्प राहणं तुला जमलं कसं?

ते यार्डात उभ्यानेच वाचलं. मग केबिनमध्ये गेलो, माईक चालू केला आणि खणखणीत पुकारलं, सुयश राजन चौगुले, मुक्काम कोल्हापूर, हल्ली मुक्काम अमेरिका. दोनदा. मी लाऊडस्पीकर म्हटलं होतं, कुठला ते कुठे म्हटलं होतं? सगळे ट्रेलरवाले थांबले. अजीज नावाचा ड्रायव्हर धावत आला, हा नवीन माणूस कुठल्या गेटवर लावायचा म्हणून. मी म्हटलं, त्याच्यासाठी सगळे गेट उघडे ठेव.

मग मीच फोन लावला. इतक्या वर्षांची पाठ केलेली भाषणं त्याच्या हॅलोबरोबर पार विसरलो. गुडघा कसा आहे, एवढंच विचारता आलं. अक्का, तुला ओके लिहिलं होतं ना त्याने? मला म्हणाला, बाबा, खूप दुखतोय.

नारळ फोड. लोभ असू दे, आणि वि. वि. म्हणजे काय ते त्याला मी सांगणार आहे, तू मध्ये पडू नकोस.
तुझा राजन