अकरा ओळी

जामनेर,
१३ जानेवारी २०२५

प्रिय वृषाली,

सलाम आणि जयभीम, दोन्ही घे. धुळ्यात बठ्ठं बेस शे ना? आबांचा गुडघा कसा आहे? तू माझे फोन उचलत नाहीस, म्हणून पोस्टाने पाठवतेय. पत्र काही कट करता येत नाही!

मी पुण्याहून आठ दिवस घरी आलेय. अम्मी मजेत. कॉलेजातला माझा तो खटारा कॉम्प्युटर आठवतो? विंडोज टाकलं की गुदमरायचा तो? माळ्यावरून काढला, आपली ती चिमुकली, फुकटची ऑपरेटिंग सिस्टीम सुरू केली, आणि पठ्ठ्या उठला की!

कंपायलरही चालला. जळगावच्या खोलीवर तो किती छळायचा! कोणताही प्रोग्रॅम मशीनच्या भाषेत उतरवायला दिला की अर्ध्यात मान टाकायचा. ती सिस्टीम हौसेने बनवणारे जगभरातले लोक हात टेकून बसले होते. तू तीन दिवस बसलीस, अकरा ओळी लिहिल्यास, आणि तो सुतासारखा सरळ झाला. तेवढ्यात आबा पडल्याचा फोन आला. "मिसबाह, तू त्या लोकांना पाठवून दे," म्हणत तू एसटी पकडलीस.

मी पाठवल्या. मशीन माझं, त्यात नाव माझंच भरलेलं, म्हणून तुझ्या ओळींवर माझं नाव लागलं. तेव्हा तुला एवढंच सांगितलं होतं. तू फोन ठेवलास.

पण एवढंच खरं नाही गं. त्याच संध्याकाळी ते माझ्या लक्षात आलं होतं. दुरुस्तीला मिनिटभर लागलं असतं. तेवढ्यात त्यांच्यातल्या कुणा जर्मन माणसाने लिहिलं, "वा मिसबाह! आम्ही वर्षभर अडलो होतो." आणि मी "थँक यू" लिहिलं. ते काही मशीनने लिहिलं नाही. पुण्याच्या मुलाखतीतही त्याच ओळी मिरवल्या, नोकरी लागली. लाज वाटते, वृषाली.

आता बाजारात आलेल्या नव्या मशीनवर कंपायलर पुन्हा अडलाय. सगळे म्हणतात, मिसबाहला विचारा. चार दिवस डोकं फोडलं, तुझी सातवी ओळ मला अजून कळत नाही! सगळी सोंगं आणता येतात, अकलेचं नाही येत.

म्हणून काल सगळ्यांना मेल केला. त्या ओळी वृषालीच्या आहेत, मी नाव लपवलं. माझ्या साहेबांनाही तोच मेल पाठवला. माझ्या नावाची जुनी नोंद पुसता येत नाही, तिच्या प्रती जगभर गेल्यात. पण तिच्याखाली तुझ्या नावाची नवी नोंद जोडलीय. नोकरी गेली तर दुसरी मिळवीन, माझे हात कुणी काढून नेले नाहीत. कितीतरी दिवसांनी पोटभर जेवले.

त्या जर्मनाने विचारलं, मग वृषाली कुठे आहे? मी लिहिलं, रागावली आहे, आणि बरोबर रागावली आहे.

येत्या रविवारी तो खटारा घेऊन धुळ्याला येतेय. दार उघडलंस तर चहा घेईन. नाही उघडलंस तर खटारा ओट्यावर ठेवून परत फिरेन, राग नाही. त्यातलं माझं नाव काढून मी तुझं घातलंय. आता त्यावर लिहिशील ते तुझ्याच नावाने जाईल.

तुझ्या अकरा ओळींवर तीन वर्षं मिरवलेली,
मिसबाह