सासरेबुवांना हसवणं अशक्य आहे

३ जानेवारी
डॉक्टरेटचा विषय मंजूर! ‘सासरेबुवांना हसवणं.’ आमच्या युनिव्हर्सिटीच्या अशक्यता विभागात इतका भक्कम विषय आजवर झाला नसेल. सासरेबुवा जन्मभर वजनमापं तपासणारे निरीक्षक. दुकानदाराच्या विनोदाला जो हसला त्याचं काट्यावरचं लक्ष उडालं, या तत्त्वावर नोकरी केली. रिटायर झाले, पण चेहरा अजून ड्यूटीवर आहे. ही म्हणते, आमच्या लग्नाच्या फोटोतही बाबा फोटोग्राफरची तपासणी करायला आल्यासारखे दिसतात.
संकल्प: रोज पहाटे उठून लेखन.

४ जानेवारी, सकाळी दहा
उठलो.

९ जानेवारी
विभागप्रमुख मॅडमनी बोलावलं. ही शेवटची संधी, म्हणाल्या. आमच्या शास्त्राचा नियम सोपा आहे. जे अशक्य म्हणता ते समितीसमोर स्वतः जीव तोडून करून बघायचं. फसलात तर डॉक्टरेट. जमलं तर विषय फाइलसकट समोरच्या शक्यता विभागात जातो. ते टाळ्या वाजवतात आणि आपण घरी. माझा आधीचा विषय ‘दोरी ढकलणं’ असाच गेला. कित्येक वर्षांचं काम! गेल्या थंडीत ओली दोरी गोठली आणि त्यांच्या एका विद्यार्थिनीने ती काठीसारखी ढकलत नेली. याला संशोधन म्हणत नाहीत, हवामान म्हणतात.
यंदा डॉक्टरेट नाही तर नोकरी नाही, आणि युनिव्हर्सिटीची क्वार्टरही नाही. हिला अजून सांगितलेलं नाही. योग्य वेळ बघतोय.

१५ जानेवारी
मॅडम म्हणाल्या, हसण्याची व्याख्या कडक करा, त्यात ‘मनापासून’ घाला. मी साफ नकार दिला. मन काय टेपने मोजायचं? माझी व्याख्या: दात दिसणे, आवाज होणे, खांदे हलणे. तिन्ही एकदम. सासरेबुवांच्या बाबतीत यातलं एकही कुणी पाहिलेलं नाही. (दात आहेत, असं ही म्हणते.) मॅडम म्हणाल्या, बघा बुवा.

२ फेब्रुवारी
सराव सुरू. रोज दुपारी चारला सासरेबुवांकडे जातो आणि हसवायचा प्रयत्न करतो. अगदी प्रामाणिकपणे, नियमच आहे. आज केळ्याच्या सालीवरून घसरून दाखवणार होतो, पण दाखवायच्या आधीच खरोखर घसरलो. सासरेबुवा म्हणाले, फरशी पुसून घ्या.
कंबर धरली आहे. निष्कर्ष अत्युत्तम.

१९ फेब्रुवारी
नकली मिशी लावून गेलो. ती चहात पडली. सासरेबुवांनी उठून गाळणी आणून दिली. चेहऱ्यावर सुरकुतीसुद्धा हलली नाही.
ही म्हणाली, बाबा हल्ली साडेतीनपासूनच दाराशी खुर्ची टाकून बसतात. वारा खात असतील.

८ मार्च
हिला क्वार्टरचं कळलं. शेजारणीने सांगितलं. ओरडली असती तर बरं झालं असतं, पण नुसती भांडी आवरत राहिली. मग म्हणाली, आयुष्यात एखादी होण्यासारखी गोष्ट हातात घेतली असतीस तर? भीती वाटते. या वयात मला दुसरं येतं काय? जे होत नाही ते का होत नाही, एवढंच येतं.
संकल्प: चिंता करायची नाही.

९ मार्च
चिंता केली.

१४ मार्च
हिने माहेरी सांगितलेलं दिसतंय. सासरेबुवांनी आज पहिल्यांदाच माझ्या संशोधनाबद्दल विचारलं. तासभर समजावलं. मी हाडाचा शिक्षक आहे. त्यांनी शंका एकच काढली: म्हणजे जावईबापू, सगळं माझ्या हसण्यावर अडलंय ना? मी म्हटलं, सगळं. मग हसण्याची व्याख्या विचारली. दोनदा सांगितली. समजलं, म्हणाले. इतका चांगला विद्यार्थी मला वर्गात कधी मिळाला नाही.

२२ मार्च
सासरेबुवांना खोकला झालाय. बाथरूमचं दार लावून खोकत असतात. आवाज चमत्कारिक. आरसाही आत नेलाय. ही म्हणाली, डॉक्टरकडे चला, तर नको म्हणाले. समितीसमोरचा व्हायवा तोंडावर आलाय. तेवढे दिवस तरी माणूस धड राहू दे.

२६ मार्च, सकाळी
आज व्हायवा. शर्ट इस्त्रीचा. कॉन्फिडन्स भरपूर. हिला म्हटलं, क्वार्टरला नवे पडदे शिवायला टाक. ती म्हणाली, आधी ये तर.

२६ मार्च, संध्याकाळी
हॉल भरलेला. शक्यता विभागाचे लोक मागच्या रांगेत, हात मोकळे ठेवून. सासरेबुवा समोर खुर्चीत. मी माझा सर्वोत्तम विनोद सांगितला, बहिऱ्या पोपटाचा. कुणीही हसलं नाही. समाधानाने ऊर भरून आला.
तेवढ्यात सासरेबुवा उभे राहिले. घसा साफ केला. दात दाखवले. (आहेत.) मग हा, हा, हा असा मोजून मापून आवाज काढला, आणि प्रत्येक ‘हा’ला दोन्ही खांदे वर-खाली. तिन्ही एकदम. कपाळावर घाम. नजर सारखी माझ्याकडे, बरोबर येतंय ना म्हणून.
ही रडायला लागली. मी ओरडलो, की हे मनापासून नाही! बाहेरून आलेल्या परीक्षकांनी माझीच व्याख्या मला वाचून दाखवली. मॅडम खिडकीबाहेर बघत होत्या. मागच्या रांगेने टाळ्या वाजवल्या.
सासरेबुवांना वाटलं, टाळ्या माझ्या डॉक्टरेटला. जवळ आले. शर्ट पाठीला चिकटलेला. माझा हात हातात घेऊन विचारलं, जमलं ना जावईबापू?
मी म्हटलं, जमलं, बाबा.

१० एप्रिल
क्वार्टर सोडली. सासरेबुवांकडे राहायला आलो. त्यांना वाटतंय, मोठी क्वार्टर मिळेपर्यंत. शेजाऱ्यापाजाऱ्यांत मला डॉक्टरसाहेब म्हणतात. ही माझ्याकडे बघते आणि भांडी आवरायला घेते. सकाळी मी चहाला आलो की सासरेबुवा दात दाखवून हसतात, खांद्यांसकट. पुढेमागे लागलं तर सवय सुटायला नको, म्हणतात.

१२ एप्रिल
विभाग नसला म्हणून काय झालं? नवा विषय घेतला आहे: ‘सासरेबुवांना खरं सांगणं.’ आज चारला जीव तोडून प्रयत्न केला. त्यांच्यासमोर खुर्ची ओढली, तोंड उघडलं. ते हसले.
जमलं नाही. काम उत्तम चाललंय.