जावयाने बसवलेला बेल्ट

कोथरूड,
९ जानेवारी २०२५

चि. अभयराव यांस,
अनेक उत्तम आशीर्वाद.

फोनवर मला निम्मंच ऐकू येतं आणि आपण बोलताही निम्मंच, म्हणून पत्र. नम्रताने कळवलं की आपल्या गाडीच्या इंजिनचा बेल्ट सकाळी किंचाळतो, आणि तो आपण सोसायटीच्या पार्किंगमध्ये व्हिडिओ बघून स्वतः बदलणार आहात. वाचून करमणूक झाली. मागे आपण न्हाणीघराचा नळ दुरुस्त केलात तेव्हा खालच्या मजल्यावर बादल्या लावाव्या लागल्या होत्या. आपण विसरला असाल. ते विसरले नसतील.

माझ्या मुलीचं पहिलं बाळंतपण माहेरीच होणार. पंचवीस तारखेला तिला आणून सोडा आणि गाडीही इथेच ठेवा. वेळ येईल तेव्हा दवाखान्यात तिला मी नेणार, दुसरा कोणी नाही. म्हणून त्या गाडीत आपण हात घालू नये. स्वारगेटला एसटीच्या वर्कशॉपात मी चौतीस वर्षं काढली, तिथे आपल्यासारख्याला मी पाने पुसायलाही ठेवला नसता.

सौ. कौशल्या डिंकाच्या लाडवांच्या तयारीला लागली आहे. लोभ आहे. तो वाढावा असं आपण काही केलेलं नाही, तरी आहे.

हिंमतराव


मांजरी,
१४ जानेवारी २०२५

ती. स्व. बाबांना,
शि. सा. न. वि. वि.

पत्र नम्रताने मोठ्याने वाचून दाखवलं. नळाच्या वाक्याला ती गरजेपेक्षा जास्त हसली.

बेल्ट रविवारी बदलला. जुना काढण्याआधी तो कुठल्या पुलीवरून कसा जातो याचा फोटो काढून ठेवला. टेन्शनरचा बोल्ट सैल केला, नवा बेल्ट चढवला, ताण दिला आणि एकेक खाच बोटाने चाचपली. जुन्याला आतून भेगाच भेगा होत्या. आता आवाज पूर्ण बंद आहे. नळाच्या वेळी मी घाई केली हे मान्य. खालच्या मजल्यालाही मान्य आहे.

खात्री वाटत नसेल तर येऊन पाहा. दवाखान्यात गाडी मी नेली असती, पण नम्रता म्हणते की हा बाबांचा हट्ट आहे, त्यात पडू नकोस. पडत नाही.

तिळगूळ सोबत पाठवतो. गोड बोलण्याची सक्ती नाही. आईंना नमस्कार. राग असला तरी लोभही असू द्यावा.

आपला
अभय


कोथरूड,
२० जानेवारी २०२५

चि. अभयराव यांस,
अ. उ. आ.

काल दोन बस बदलून आलो त्याचं सार्थक झालं. आपला बेल्ट दिसायला ठीक होता. पण ज्याने जन्मात संगणकाच्या बटणांपलीकडे काही दाबलं नाही, त्याचं काम दिसायला ठीक आहे म्हणून मी सोडून देत नाही. म्हणून तो उतरवून माझ्या हाताने पुन्हा बसवला. आपण शेजारी टॉर्च धरून उभे होतात. ती बरी धरलीत, हे कबूल करतो.

मध्येच आपण, बाबा, कडेची खाच एकदा बघा, असं काहीसं पुटपुटलात. माझ्या हाताखालून शेकडो गाड्या गेल्या, मला खाच शिकवू नये. आता गाडीची जबाबदारी माझी. पंचवीस तारखेपर्यंत बॉनेट उघडू नका.

नम्रताचे पाय सुजलेले दिसले, तिला उभं राहू देऊ नका. इतर बाबतीत लोभ होता तेवढाच समजावा.

हिंमतराव


कोथरूड,
२७ जानेवारी २०२५

चि. अभयराव यांस,
आशीर्वाद.

परवा आपण नम्रताला सोडून बसने परत गेलात आणि मी बॉनेट उघडलं. बेल्ट बसवला की बोल्टपासून शेजारच्या लोखंडापर्यंत मी पिवळ्या रंगाची बारीक रेघ मारतो. नंतर कोणी बोल्ट फिरवला तर रेघ जुळत नाही. हे आपल्याला सांगितलं नव्हतं, कारण आपल्याला पकडायचं होतं. रेघ जुळत नव्हती. मला फार आनंद झाला. नम्रताला हाक मारून म्हणालो, ये, नवऱ्याची करामत बघ.

तिने खरं ते सांगितलं. मी बेल्ट एक खाच बाहेर बसवला होता. दोन दिवसांत त्याची कड उसवून दोरे लोंबायला लागले. आपण नवा आणून बसवलात आणि बाबांना कळू देऊ नकोस असं तिला बजावलंत. मी बसवलेला रस्त्यात तुटला असता तर त्याच्या जोरावर फिरणारं स्टिअरिंग वळता वळलं नसतं, आणि गाडीत ती होती, दिवस भरत आलेली.

आपण हे झाकलंत ते मला मुळीच आवडलेलं नाही. वर्कशॉपात मी कोणाची चूक झाकली नाही, चारचौघांत सांगितली. माझी झाकण्याचा अधिकार आपल्याला कोणी दिला? मी आपल्या मर्जीवर जगणारा म्हातारा नाही.

पण म्हातारा आहे. टॉर्चच्या उजेडात मला ती खाच दिसली नाही. बोटांना कळेल असं धरून चाललो, बोटांनाही कळलं नाही. हे आपल्याआधी कोणाला सांगितलेलं नाही. इतक्या जवळचं ज्याला दिसत नाही, त्याने मुलीला शेजारी बसवून कर्वे रस्त्यावर गाडी हाकायची म्हणजे शुद्ध मूर्खपणा, आणि मूर्खांचं मी कधी ऐकून घेतलेलं नाही.

तेव्हा कपडे आणि तो आपला लॅपटॉप घेऊन इथे राहायला या. सासरी मुक्काम करायला जावयाला लाज वाटते, ती वाटू द्या. दवाखान्यात गाडी आपण न्यायची. मी मागे बसेन आणि गप्प बसायचा प्रयत्न करीन, खात्री देत नाही. किल्ली कौशल्याकडे दिली आहे. मी मागितली, कितीही ओरडून मागितली, तरी द्यायची नाही असं तिला सांगून ठेवलं आहे.

लवकर या. लोभ असू द्यावा, ही विनंती.

हिंमतराव