कट म्हटल्यावर

अमरावती, ४ मे २०२५

ती. आईस,
पौर्णिमाचा साष्टांग नमस्कार वि. वि.

आधी ‘सौ.’ लिहायला हात गेला आणि तिथेच थांबला. बाबांना जाऊन दोन महिने होत आले, पण हाताची सवय जात नाही. फोन केला की काकू तुझ्याजवळ बसलेली असते, आणि तू जेवलीस का एवढंच विचारून ठेवून देतेस. म्हणून हे पत्र.

तेरवीला काकू सगळ्यांदेखत म्हणाली, की पोरीच्या पिक्चरपायी जित्या नवऱ्याचं कुंकू पुसलं, मग दुसरं काय होणार. तू मान खाली घालून बसून राहिलीस. ते माझ्या डोळ्यांपुढून हलत नाही. चित्रपटात कापसाच्या जिनिंगमध्ये राबणाऱ्या विधवेचं काम करणाऱ्या बाईंनी नवरा असताना कुंकू पुसणार नाही म्हणून ऐनवेळी पाठ फिरवली, आणि मी तुलाच उभं केलं. उजेड चालला होता. लवकर आवर म्हणून मी बाहेरून ओरडत होते. तू खोलीतून कोऱ्या कपाळाने आलीस आणि उंबऱ्यावर बसलीस.

तो प्रसंग मी काढून टाकला आहे. त्यावाचून चित्रपट लंगडा पडतो, तेव्हा ज्या महोत्सवाने तो निवडला त्यांना नाही म्हणून कळवते. कितीतरी वर्षं दारोदार हिंडून केलेलं काम आहे, पण तुझ्यापेक्षा मोठं नाही. बडनेऱ्याला कॉलेजात शिकवायची जागा आहे, ती धरीन. तुझ्या मनात राग असेल तर तोही लिही.

तुझी,
पौर्णिमा


अकोट, ११ मे २०२५

चि. पौर्णिमास,
आईचे अनेक आशीर्वाद.

पत्र पोचलं. चित्रपट काढायला लागलीस तरी अक्षर अजून कोंबडीच्या पायांचंच. उन्हाचं डोक्याला बांधून फिरत जा. आपलं शेत करणाऱ्या गोवर्धनची नांगरणी उरकली.

तुझ्यावर राग नाही. काकूला उत्तर द्यायला गेले असते तर रडू फुटलं असतं, आणि मला तिच्यापुढे रडायचं नव्हतं.

त्या दिवशी खोलीत काय झालं ते तुला ठाऊक नाही. मी आरशापुढे उभी होते आणि हात वर जात नव्हता. तेवढ्यात तुझे बाबा आले. तुम्ही त्यांना उजेड परतवायला पांढरा थर्माकोल धरायला लावलं होतं, तो तसाच बगलेत. काहून रडून राहिली, पोरीचा उजेड चालला ना, असं म्हणाले. माझ्या हातानं होत नाही, मी म्हटलं. मग त्यांनीच खांद्यावरच्या दुपट्ट्याचं टोक ओलं करून माझं कपाळ पुसलं. मी इथं उभा हाय, तुले कायचं भेव, म्हणाले. तुझं झाल्याबरोबर त्यांनीच परत लावलंही. तू तेव्हा कुणावर तरी खेकसत होतीस.

हे मी कुणाला सांगितलं नाही. माझ्यापाशीच राहावं असं वाटलं. पण तो प्रसंग काढलास तर त्यांनी केलेलं काढलंस. तो परत घाल. नोकरी करायची तर खुशाल कर, माझं नाव पुढे करू नकोस.

तुझी,
आई


अमरावती, १९ मे २०२५

ती. आईस,
सा. न. वि. वि.

मी कट म्हटलं तरी आमचा किशोर कॅमेरा लगेच बंद करत नाही. त्यावरून मी त्याला नेहमी बोलते, त्या दिवशीही त्याच्यावरच खेकसत होते. तुझं पत्र वाचून ते सगळं चित्रण पुन्हा काढलं.

तू उंबऱ्यावर बसली आहेस. माझा कट ऐकू येतो. मग बाजूने बाबांचा हात येतो आणि तुझ्या कपाळावर कुंकू लावतो, जरा वाकडं. तू त्यांच्याकडे बघतेस. आई, मी खूप रडले.

चित्रपट आता तिथेच संपतो, माझ्या ओरडण्यासकट. पण तुझ्या परवानगीशिवाय तो कुणाला दाखवणार नाही. रविवारी एसटीने घरी येते, सोबत घेऊन येते. बघवणार नसेल तर तसं सांग.

तुझी,
पौर्णिमा


अकोट, २२ मे २०२५

चि. पौर्णिमास,
अनेक आशीर्वाद.

ये. आधी मला एकटीला दाखव, मग काकूला मी स्वतः बोलावून पुढे बसवीन. महोत्सवाला हो म्हणून कळव.

वाकडं लागलं होतं, ते मला तेव्हाच कळलं होतं. झोपेपर्यंत मी ते सरळ केलं नव्हतं.

लोभ आहेच, जेवणाची हेळसांड करू नकोस.

तुझी,
आई